गादीच्या आडोशानं

समोर असलो की मी आताशा कोपर हलवत नाही, ते काऊन, इचारलं ना तुमी? सांगतो.

आमच्या सायकलवाल्यायची एक भाषा हाये. दुसऱ्याच्या चाकामांगं लपून वारा चुकवनं म्हनजे ‘ड्राफ्ट’. समोरच्यानं कोपर हलवलं, म्हनजे ‘मी थकलो, आता तू समोर ये’. अन् अंगातली ताकद संपून पाय बंद पडले, की झाला ‘बाँक’.

त्या दिवशी मी शेगावहून संग्रामपूरले एकटाच जाऊन राह्यलो होतो. वारा समोरून. वरवट बकालच्या अलीकडं माहा बाँक झाला. बसलो रस्त्याच्या कडेले. तेवढ्यात साध्या सायकलवर, मांगं आडवी गादी बांधून एक पिंजारी चाचा आले.

‘काऊन बसला बेटा?’

‘पाय चालून नाही राह्यले, चाचा.’

‘मंग माह्या गादीमांगं लाग.’

लागलो. खरं सांगतो, गादीमांगं वाराच नव्हता. सत्तरीचा मानूस तो, पन कोपर एकदाही हललं नाही.

संग्रामपूरले चहा पेता पेता मी इचारलं, ‘गादी कोनाले द्याची हाये, चाचा?’

‘वरवट बकालले.’

‘ते तं मांगंच राह्यलं.’

‘हाव. तिथं थांबलो असतो, तं तू पुन्हा बसला असता.’

चाचानं कप ठेवला, सायकल फिरवली.

‘तू फिकर नोको करू,’ म्हने. ‘वारा आता मांगून हाये. ही गादीच मले ढकलत नेईन.’