निंगव्वाचं हसणं

आजच्या अध्यक्षा दाक्षायणीताई, व्यासपीठावरचे मान्यवर, आणि पंख्याखालची खुर्ची धरायला लवकर आलेल्या माझ्या सोलापूरकरांनो, नमस्कार.

आपली धम्मप्रिया उद्या मुंबईला निघाली. तिचा माहितीपट तुम्ही आत्ताच पाहिलात. टीव्हीवरच्या विनोदी मालिकांतला हशा येतो कुठून, हे तिनं शोधलं. पण जे पडद्यावर आलं नाही, ते मला सांगू द्या.

मी गुरुबसप्पा, नवी पेठेत स्पीकर भाड्यानं देणारा. शाळा चौथीपर्यंत, पण कान पक्के. चौदा वर्षांपूर्वी मुंबईच्या एका कंपनीनं हशा रेकॉर्ड करायला इथं हॉल घेतला. स्टेजवर एक माणूस ‘हसा’ अशी पाटी धरून उभा. विनोद एकही नाही! आपली माणसं चहा-चिवड्यावर दोन तास हसली. माइक माझे. माझी बहीण निंगव्वा हिला हसता हसता शेवटी उचकी लागायची, म्हणून एक माइक मी मुद्दाम तिच्यापुढं ठेवला.

दोन वर्षांनी ती गेली. तिसऱ्या दिवशी शेजारच्यांच्या टीव्हीतून तेच हसणं आलं. शेवटी तीच उचकी. घरात सगळे आपापलं काम करत राहिले. मला वाटलं, माझ्या एकट्याच्याच कानाला आलं.

त्यानंतर अव्वा, म्हणजे आमची आई, रोज ती मालिका लावायची. पण पडद्याकडं पाठ करून, डोळे मिटून बसायची. कोण बघतं असा टीव्ही?

यंदा त्या हशाचा माग काढत धम्मप्रिया माझ्याकडं आली; उचकी कुणाची ते मी सांगितलं, तशी ती कंपनीला द्यायचं पत्र घेऊन आली. “काका, घरच्यांची सही मिळाली तर कंपनीला ते हसणं काढावं लागेल.”

महिनाभर मी टाळलं. अव्वाकडं लेकीचं राहिलं होतं ते एवढंच हो! फोटोतसुद्धा निंगव्वा हसलेली नाही. शेवटी अव्वालाच विचारलं.

ती म्हणाली, “व्हय रे, तुलाबी ऐकू येतंय? बारा वर्सं हसतीया पोरगी. घसा वाळला असंल की. सोड तिला, लेकरा.”

सही केली. गेल्या सोमवारी मालिका लागली. अव्वा पहिल्यांदाच पडद्याकडं तोंड करून बसली. हशा आला, उचकी आली नाही. अव्वानं पाण्याचा तांब्या टीव्हीपुढं सरकवला. “पी आता,” म्हणाली, आणि टीव्ही बंद केला.

धम्मप्रिया, तुझे आभार, पोरी. मंडळी, आजचे माइकही माझेच आहेत, पण मी रेकॉर्डिंग लावलेलं नाही. तेव्हा मोकळेपणानं हसा, आणि आपलं हसणं आपल्याबरोबर घरी न्या. बोलण्यात काही कमीजास्त झालं असेल तर पोटात घाला.