प्रस्थापितविरोधी फलक

तुम्ही आत्ता 'प्रस्थापित' म्हणालात, म्हणून आठवलं. पिंपरीला आमच्या कंपनीत युनियनची निवडणूक होती. कासारवाडीचा सोपानराव जुन्या पुढाऱ्यांच्या विरोधात उभा राहिला आणि गेटवर त्याने भलाथोरला कापडी फलक लावला, 'प्रस्थापितविरोधी पॅनेल'.

कँटीनमध्ये मी त्याला विचारलं, "राव, प्रस्थापित म्हणजे नेमका कोण?"

"जो खुर्चीत बसतो आन् आपल्याला उभं ठेवतो, त्यो."

हे सगळ्यांना पटलं आणि सोपानराव निवडून आला.

पुढे एकदा ओव्हरटाइमची तक्रार घेऊन आम्ही चौघं युनियनच्या ऑफिसात गेलो. सोपानराव बसून चहा पीत होता. त्याचा चहा संपेस्तोवर आम्ही उभेच.

पुढच्या निवडणुकीला आम्हीच त्याच्याविरुद्ध पॅनेल केलं. फलक रंगवायला वेळ नव्हता. जुना त्याच्याच घरी होता, म्हणून सरळ जाऊन मागितला. त्याने माळ्यावरून फलक काढला, धूळ झटकली आणि माझ्या हातात दिला.

"नीट घडी घालून ठिवा," तो म्हणाला. "तुमी निवडून आलात की मला लागंल."