दुसरं कडवं

शिकागोच्या बसमध्ये अर्नेटाच्या पुढच्या बाकावर चर्चमध्ये गॉस्पेल भक्तिगीतं गाणाऱ्या दोघी म्हाताऱ्या बोलत होत्या.

"विल्हेमिना, मी आता एकटीनं गाणार नाही. रविवारी दुसरं कडवं पार विसरले."

"विसरलीस? आम्हाला वाटलं, तुझ्यात पवित्र आत्मा उतरला."

"डोळे मिटून शब्द शोधत होते गं. नुसती गुणगुणत."

"त्या गुणगुणण्यावर अख्खं चर्च उभं राहिलं. 'सावकाश, बाई, घाई नको,' म्हणत होते सगळे. ऑर्गनवाला रडला. माझा नवरासुद्धा जागा झाला."

अर्नेटाचा थांबा मागे गेला, पण ती उठली नाही.

"पाळकांनी या रविवारी तेच गाणं ठेवलंय. अगदी तसंच हवंय त्यांना."

"पण मी ते कडवं घोकून घोकून पाठ केलंय."

"मग घरी पोचेपर्यंत विसर. नाहीतर माझा नवरा परत झोपेल."