डावी बाही

अरे ऐका ना, काल मी तो अकरा तासांचा पिक्चर बघायला गेले. एका रिकाम्या दुकानात लावलाय, सकाळी दहाला सुरू, कधीही आत जा, कधीही उठून या. त्यात एक टेलरकाका कोट शिवतात, बस, पहिल्या टाक्यापासून शेवटच्या बटणापर्यंत, मध्ये काहीच कापलेलं नाही. आणि रांगेत माझ्या पुढे कोण, तर तेच काका, काकूंना घेऊन.

"सातव्या तासाला मी डावी बाही उजवीकडे लावली गं. सगळी उसवावी लागली."

"मग? होतं कधीतरी."

"चाळीस वर्षांत नाही झालं. त्या दिग्दर्शकाला म्हटलं, तेवढं काप. तर म्हणतो, काका, यात कात्री चालत नाही. मला सांगतोय, टेलरला."

"अहो, पण सात तास बसतंय कोण? माझी बहीण वीस मिनिटांत उठून आली."

"दुसरा टेलर बसेल."

"त्याला काय दुकान नाही?"

"सुट्टी घेईल. माझी चूक बघायला नक्की घेईल."

मग काका मागे वळले.

"तू किती वेळ बसणार बेटा?"

"शेवटपर्यंत, काका. डबा आणलाय."

"छान. मग बरोबर चारला बाहेर येऊन जेव. तेव्हा मी नुसता बसलेलो असतो."

"चारला कोण जेवतं हो?"

"मग चहाला ये बेटा. पण सावकाश पी, तासभर तरी."