जयवंताचं स्वप्न मी देऊन टाकलं

...अन् तुमीच सांगा, चुगली कराले गेलो होतो काय मी? मन साफ होतं माहं! झालं काय, बापूसाहेब वकिलाचा कमलाकांत मुंबईहून सिनेमाचा कॅमेरा घेऊन अमरावतीले आला, अन् पडदे रंगवाले मले बोलावलं, मी शाळेत ड्रॉइंग मास्तर न! म्हने, "खुशालराव, दहा मिनिटांचा प्रयोग करतोय. कथा नाही, संवाद नाही, फक्त स्वप्न! माणसाचं अंतर्मन! तुम्हाला कसली स्वप्नं पडतात?"

मले काय पडनार? हेडमास्तर पडतेत! कमलाकांतचं तोंड असं उतरलं... मले दया आली, अन् मी बायकोचं स्वप्न देऊन टाकलं.

मन साफ होतं, तुम्हाले सांगतो! जयवंतानं चहा गाळता गाळता हळूच सांगितलं होतं, "कोनाले सांगू नका. मी ट्रंक घेऊन बडनेऱ्याच्या टेसनावर गेली, गाडीत बसली, अन् तुमी फलाटावरच राहिले." मी म्हटलं, "मंग तू उतरली न?" त उठून गेली!

कमलाकांत त उडालाच! "वा! हेच सुप्त मन!" त्याच्या बहिनीले, कुंदाले, गाडीत बसवलं, घड्याळाचे काटे काढले, धूर उलटा इंजिनात घुसवला... अन् रविवारी सकाळी वकिलाच्या दिवानखान्यात, खिडक्यांले सतरंज्या लावून, चादरीवर सिनेमा! जयवंताले मीच घेऊन गेलो हो! वाटलं, तिले थोडीच समजते? हेच पाप माहं.

पडद्यावर ट्रंक दिसली, अन् बाजूले जयवंताच्या बांगड्या वाजाच्या थांबल्या. कुंदा खिडकीत ढसाढसा रडून राहिली, लोक टाळ्या वाजवून राहिले, मी घामानं ओला! घरी येईपर्यंत जयवंता माह्या दहा पावलं पुढंच चालली. म्हटलं, "मन साफ होतं व माहं! शिव्या दे, पन बोल!"

त काय बोलावं? "तिले रडाले काहून लावलं? मी कुठं रडली?"

दुसऱ्या दिवशी सोताच गेली कमलाकांतकडे. "भाऊ, चुकलं तुमचं. मी पाय वर घेऊन मजेत शेंगा खाऊन राहिली होती." तो म्हने, "वहिनी, मग तुम्हीच बसा ना गाडीत!"

परवा शूटिंग आहे. ट्रंक रिकामी चालते म्हटलं, त जयवंता म्हने, "खोटी दिसते," अन् सारे लुगडे भरले! मी कमलाकांतले विचारलं, "बाबा, ही येईल न वापस?" तो म्हने, "अहो, मुर्तिजापूरला उतरून लगेच परत! हो ना, वहिनी?"

जयवंता म्हने, "पाहू."