नुसतं बसायचं काम

…न्हाई, आता तुमीच सांगा, मानसानं नुसतं बसायचं म्हंजी किती बसायचं? शूटिंग म्हनल्यावर मी दाढी केली, इस्त्रीचा सदरा घातला, निम्म्या आंबी गावाला सांगून आलो की आपुन पिक्चरमदी हाय. आन पुन्याची ती अनघा म्याडम आमच्या गोठ्याम्होरं तीन पायांच्या स्टँडवर कॅमेरा लावून म्हनती काय, ‘गोरखभाऊ, काही करू नका. नुसते बसा.’

बसलो. पाच मिन्टं झाली, धा झाली… म्हस रवंथ करतीय, मी बसलोय, म्याडम बी बसलीय. मला वाटलं, बिचारीला ष्टोरी सुचंना. म्हनलं, म्याडम, भावाला बोलवू का? बांदावरनं आमचं हायेच, कॅमेऱ्याम्होरं दोन शिव्या जास्त दिऊ. तर हसून म्हनती, ‘नको हो, आपल्याला काही घडवायचं नाही, घडतंय ते बघायचं. नुसते बसा.’ अवो पर घडतंय कुटं? मी फोटूला बसल्यागत श्वास धरलाय, नाकावर माशी बसली तर ती बी हाकलली न्हाई. तेवड्यात आमची बायकू सारिका बादली घिऊन मधनंच. वराडलो तिच्यावर, ‘अगं, मागनं जा की!’ तर म्याडम म्हनती, ‘जाऊ दे त्यांना, तुम्ही नुसते बसा.’ असं चार दीस. तुमाला सांगतो, भात लावून कंबर दुखली न्हाई तेवडी बसून दुखली.

मागल्या आटवड्यात लोनावळ्याला एका हॉलात दाखवला पिक्चर. सासऱ्याला, म्हंजी बाजीरावमामांना, सोमाटन्यावनं गाडी करून न्हेलं, म्हनलं बघू दे जावयाचं नाव झाल्यालं. पडद्यावर मी दिसलो… आन मग दिसतच ऱ्हायलो. म्होरचा एक जन घोराय लागला, पर मामा ताठ बसून बगत हुते. मला वाटलं, खूस हायेत.

लाईट लागली. मामा म्हनले, ‘पाव्हनं, आमची लेक सोळा येळा म्होरनं गेली. पानी न्हेलं, श्यान काडलं, वैरन टाकली, धार काडली. तुमी जाग्यावनं हालला न्हाई.’

म्हनलं, ‘मामा, म्याडमनीच सांगितलं हुतं, काय करू नका, नुसते बसा.’

मामा शांतपनी म्हनले, ‘व्हय. पर लग्नाला बावीस वर्सं झाली. आदी कोन म्याडम सांगत हुती?’

सारिका शेजारीच. तोंडाला पदर लावून हसली निस्ती. तितंच माजी निम्मी इज्जत गेली बगा.

दुसऱ्या दिवसापास्नं बादली माज्याकडं, श्यान माज्याकडं. सारिका वट्ट्यावर चहा पीत मला बगती. काल म्याडमला फोन लावला, म्हनलं, या की आता, आता गोठ्यात लय घडतंय. तर म्हनती, ‘अहो भाऊ, मी सध्या खंडाळ्याला आहे, धुक्यावर फिल्म करतेय.’

बगा आता… मी जल्मात पयल्यांदा गोठ्यातलं काम कराय लागलो, आन कॅमेरा धुकं बगाय गेला.